किनाऱ्यावरचे आरमार

जुन्या मराठी गद्याच्या तासाला 'आज्ञापत्र' शिकवताना एक प्रश्न आम्हांला जवळजवळ दरवर्षी ऐकावा लागतो. दुर्गांच्या प्रकरणापर्यंत मुले रमलेली असतात, कारण किल्ला म्हणजे काय हे त्यांना सांगावे लागत नाही. आरमाराचे प्रकरण सुरू झाले की मागच्या बाकावरून कोणीतरी हळूच म्हणते, "सर, पण आपल्याकडे समुद्र कुठे आहे?" प्रश्नात थोडी थट्टा असते, पण खोटे काही नसते. वाशिमपासून समुद्र साडेचारशे किलोमीटर तरी दूर आहे. वर्गातल्या निम्म्याहून अधिक मुलांनी तो पाहिलेला नसतो.

पूर्वी आम्ही या प्रश्नाला भूगोलाचे उत्तर देत असू. आपल्या जिल्ह्यात उगम पावणारी काटेपूर्णा पूर्णेला मिळते, पूर्णा तापीला आणि तापी सुरतेपाशी अरबी समुद्राला. पैनगंगेचे पाणी मात्र वर्धा, प्राणहिता आणि गोदावरी अशी वाट धरून बंगालच्या उपसागराला जाते. म्हणजे आपल्या एका जिल्ह्याचा पाऊस दोन समुद्रांना जातो, असे आम्ही ऐटीत सांगत असू. मुले हसत, पण त्यांचे समाधान होत नसे. पुढे हे प्रकरण वर्षानुवर्षे शिकवताना आमच्याच ध्यानात आले की खरे उत्तर वेगळे आहे, आणि ते त्या पाठ्यभागातच दडलेले आहे. ते उत्तर मांडण्याचा हा प्रयत्न.

नाविकी पेशातील नीती म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर बुडत्या जहाजावर उभा असलेला कप्तान येतो. ९ डिसेंबर १९७१ रोजी दीवजवळच्या समुद्रात पाकिस्तानी पाणबुडीच्या माऱ्याने 'खुकरी' ही युद्धनौका बुडाली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक तिच्याबरोबर गेले. कप्तान महेंद्रनाथ मुल्ला यांनी आपले जीवरक्षक जाकीट दुसऱ्याला दिले आणि ते जहाजावरच राहिले. त्यांना मरणोत्तर महावीर चक्र मिळाले. या प्रसंगापुढे मान लववावी, त्यावर भाष्य करू नये, असेच आम्हांला वाटते. परंतु तो नीतीचा शेवटचा क्षण आहे. त्या क्षणापर्यंत जहाज पोहोचते ते कोणाच्या लाकडावर, कोणाच्या धान्यावर, कोणाच्या हुकमावर? हे सारे किनाऱ्यावर ठरलेले असते, आणि बहुधा ज्यांनी कधी डेकवर पाऊल ठेवलेले नाही अशा माणसांनी ठरवलेले असते. आरमाराची नीती समुद्रावर कसोटीला लागते हे खरे, पण ती घडते किंवा बिघडते ती जमिनीवर. आमचे म्हणणे एवढेच आहे.

जमिनीवरून सुरुवात करायची तर आमच्याच जिल्ह्यातील कारंज्यापासून करू. ऑक्टोबर १६७० मध्ये शिवाजी महाराजांनी सुरत दुसऱ्यांदा लुटली आणि त्यानंतर थोड्याच अवधीत मराठी फौज वऱ्हाडात उतरून कारंज्यावर आली. कारंजा तेव्हा सधन बाजारपेठ होती. लूट वाहून न्यायला चार हजार बैल आणि गाढवे लागली, असे जदुनाथ सरकारांनी नोंदवले आहे. त्याच प्रसंगाची आणखी एक गोष्ट सांगितली जाते. गावातील धनिक पकडले गेले, पण त्यांतला एक बडा सावकार बायकांची वस्त्रे नेसून निसटला. ही गोष्ट आमच्याकडे सावकाराच्या फजितीसाठी सांगतात. आम्हांला मात्र ती फौजेविषयी काही सांगते असे वाटते. स्त्रीला हात लावायचा नाही हा महाराजांचा दंडक लुटल्या जाणाऱ्या गावालाही इतका पक्का ठाऊक होता, की त्याच्या भरवशावर एका माणसाने आपला जीव आणि द्रव्य वाचवले. शिस्त खरी कोणती? ज्याच्याविरुद्ध फौज आली आहे त्यालाही जिचा भरवसा वाटतो ती.

या लुटीचे समर्थन करण्याचा आमचा हेतू नाही, कारंज्याची माणसे आमचीच माणसे होती. पण अशा पैशानेच राज्याचा खजिना भरत होता, आणि किल्ले, पागा, आरमार या साऱ्यांचा खर्च त्याच खजिन्यातून चालत होता. समुद्र न पाहिलेल्या गावांचाही आरमाराशी संबंध असतो तो असा.

पाचच वर्षांनंतरचे एक पत्र याच खर्चाविषयी आहे. जानेवारी १६७५ मधील हे पत्र महाराजांनी प्रभावळीचा सुभेदार जिवाजी विनायक याला लिहिले. जंजिऱ्याच्या सिद्दीविरुद्ध मोहीम चालू होती. दर्यासारंग आणि दौलतखान हे आरमाराचे सरदार होते आणि त्यांना रोख रक्कम व धान्य पोहोचवण्याचा हुकूम या सुभेदाराला झालेला होता. त्याने तो पाळला नाही. आरमार अडून राहिले आणि सिद्दीच्या समोर नव्याने उभ्या केलेल्या पद्मदुर्गाला वेळेवर मदत मिळेना. पत्रातील संताप आजही जाणवतो. शत्रूने तुला काही देऊन फितवले काय, असा संशय त्यात उघड व्यक्त झाला आहे, आणि ब्राह्मण म्हणून गय केली जाईल या भ्रमात राहू नये, अशी तंबीही आहे.

या पत्राचा उल्लेख बहुधा जातीच्या वादात होतो आणि मग त्यातील खलाशी बाजूला राहतात. वास्तविक हे पत्र त्यांच्यासाठी लिहिलेले आहे. सुभेदार जमिनीवर होता, कागदपत्रे सांभाळत होता, त्याच्या अंगावर समुद्राचा एक थेंबही उडाला नसेल. तरीही मोहिमेच्या अपयशाची जबाबदारी राजाने त्याच्यावर टाकली. उपाशी खलाशाकडून शौर्याची अपेक्षा करता येत नाही, आणि त्याला उपाशी ठेवणारा कारकुनी आळसही शत्रूला फितूर होण्याइतकाच घातक असतो, असा या पत्राचा आशय आहे.

आता 'आज्ञापत्रा'कडे वळू. हा ग्रंथ रामचंद्रपंत अमात्यांचा. इ. स. १७१५ च्या सुमारास कोल्हापूरच्या संभाजीराजांच्या नावाने तो सिद्ध झाला. अमात्यांनी शिवकाळ पाहिला होता, राजाराम महाराज जिंजीला असताना महाराष्ट्रातील राज्य सांभाळले होते. त्यामुळे ग्रंथात जे आहे ते अनुभवाचे आहे. आरमार हे राज्याचे स्वतंत्र अंग आहे असे सांगून अमात्य लगेच बारकाव्यांत शिरतात. जहाजे फार मोठी नसावीत, फार लहानही नसावीत. आरमाराचा पगार नेमून दिलेल्या उत्पन्नातून वेळेवर व्हावा, बंदरातल्या व्यापाऱ्यांवर त्याचा भार पडू नये, कारण सावकार पळाले तर बंदरच ओस पडेल. पावसाळ्यात आरमार कुठे ठेवावे याविषयीही सूचना आहे. दरवर्षी एकाच बंदरात छावणी करू नये, कारण खलाशी कितीही धाकात ठेवले तरी आसपासच्या लोकांना त्यांचा उपद्रव होतोच. आपल्याच माणसांविषयी इतके निर्मळ सत्य लिहून ठेवणारा मुत्सद्दी विरळा.

आणि मग झाडांचा प्रसिद्ध मजकूर येतो. आरमाराला सागवान लागतो, तो परवानगीने राज्यातील अरण्यातून आणावा. जे कमी पडेल ते खरेदी करावे. आंबा आणि फणस यांची लाकडेही उपयोगाची आहेत, पण त्यांना हात लावू नये. ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेने ती लेकरांसारखी वाढवलेली असतात, ती तोडली तर तिच्या दुःखाला पारावार राहत नाही. एखादे झाड जीर्ण होऊन कामातून गेले असेल तर धन्याला राजी करून, मोल देऊन, त्याच्या संतोषाने तोडावे. जबरदस्ती सर्वथा करू नये.

हा मजकूर शिवाजी महाराजांचे पत्र म्हणून सर्रास फिरतो. तसे ते नाही, पण धोरण त्यांच्या राज्याच्या परंपरेतील आहे यात शंका नाही. त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की हा उपदेश पर्यावरणाचा म्हणून वाचला जातो आणि त्याचा मूळ संदर्भ विसरला जातो. तो आरमाराच्या प्रकरणात आहे. राज्याच्या संरक्षणाची गरज आणि एका कुणब्याचे आंब्याचे झाड यांत विरोध आला तर झाडाच्या धन्याला विचारल्यावाचून गरज भागवायची नाही, असा दंडक येथे घालून दिला आहे. राष्ट्रहित हा शब्द उच्चारला की बाकीचे सगळे प्रश्न संपतात असे मानणाऱ्या कोणत्याही काळाला हा मजकूर अडचणीचा आहे.

या दंडकाकडे पाठ फिरवली की काय होते त्याचा दाखला पुढच्या चाळीस वर्षांतच मिळतो. कान्होजी आंग्रे १७२९ मध्ये वारले. इंग्रज आणि पोर्तुगीज यांनी मिळून १७२१ मध्ये कुलाब्यावर केलेली स्वारीही त्यांनी परतवली होती. त्यांच्या मुलांत वितुष्ट आले आणि विजयदुर्गाकडे तुळाजी जवळपास स्वतंत्र होऊन बसला. तुळाजी धुतल्या तांदळासारखा होता असे नाही. त्याने पेशव्यांची सत्ता झुगारली होती, त्यांच्या मुलखाला उपद्रव दिला होता. त्याला वठणीवर आणण्याचा अधिकार नानासाहेब पेशव्यांना होता. प्रश्न उपायाचा आहे. १७५५ मध्ये इंग्रजांशी करार करून त्यांच्या गलबतांच्या बळावर सुवर्णदुर्ग घेतला गेला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर आले. तुळाजी किल्ला नातलगाच्या हवाली करून बोलणी करण्यासाठी मराठ्यांच्या छावणीत गेला होता. तो गेला तो कैदेतच राहिला. त्याच्या मागे बंदरात नांगरलेले आंग्र्यांचे आरमार जळून खाक झाले.

इंग्रज अधिकाऱ्यांनी लुटीची वाटणी मुंबईहून निघण्यापूर्वीच ठरवली होती. सुमारे दहा लाखांचा ऐवज त्यांनी आपसांत वाटून घेतला. विजयदुर्गही त्यांनी काही महिने दाबून ठेवला आणि बाणकोट पदरात पाडून घेतल्यावरच सोडला. पेशव्यांचे आरमार पुढे आनंदराव धुळपांनी जिद्दीने चालवले हे खरे, पण इंग्रजांना किनाऱ्यावर दबून राहायला लावणारी ताकद पुन्हा उभी राहिली नाही. पुण्याहून समुद्र दिसत नाही. आरमार ही पिढ्यान्‌पिढ्यांच्या कौशल्याने उभी राहिलेली राज्याची ठेव आहे हे पुण्याला दिसले नाही, दिसला तो एक उद्दाम नोकर. एका माणसाला शासन करण्यासाठी हजारो हातांचे काम परक्याच्या हातून जाळून घेतले गेले. अमात्य एका झाडासाठी धन्याची संमती मागत होते, येथे तर अख्खे रानच पेटवले गेले!

तिसरा प्रसंग मुंबईतच घडला. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी 'तलवार' या नौदलाच्या संदेशवहन शाळेत नौसैनिकांनी अन्नावर बहिष्कार घातला. निकृष्ट जेवण, गोऱ्या-काळ्यांतला भेदभाव आणि कमांडर किंग या अधिकाऱ्याची अर्वाच्य भाषा, या तक्रारी त्याआधी लेखी झाल्या होत्या. त्यांची दाद लागण्याऐवजी तक्रारदारांनाच ताकीद मिळाली होती. पाहता पाहता उठाव ७८ जहाजांवर आणि सुमारे वीस हजार नौसैनिकांत पसरला. मुंबईच्या कामगारांनी हरताळ पाळला, रस्त्यांवर गोळीबार झाला, दोनशेहून अधिक माणसे मेली. २३ फेब्रुवारीला, सरदार पटेलांच्या सल्ल्याने, नौसैनिकांनी शस्त्रे खाली ठेवली. सूड घेतला जाणार नाही असा भरवसा त्यांना वाटला होता. प्रत्यक्षात शेकडो जणांना बडतर्फ करण्यात आले. स्वातंत्र्यानंतर भारताच्या किंवा पाकिस्तानच्या नौदलाने त्यांना परत घेतले नाही. स्वातंत्र्यसैनिक म्हणून मान्यता मिळायलाही सुमारे पाव शतक जावे लागले.

शिस्त मोडली तर सैन्य उरत नाही, हे राष्ट्रीय नेत्यांचे म्हणणे निराधार नव्हते. उद्या आपल्याच हाती येणारे सैन्य त्यांना दिसत होते. पण शिस्त ही फक्त खालच्याने वरच्याला द्यायची गोष्ट असते काय? जिवाजी विनायकाला लिहिलेले पत्र याच्या उलट सांगते. ताटातल्या अन्नाची तक्रार वर पोहोचली आणि वरच्याने ती झिडकारली, तर शिस्त पहिल्यांदा मोडली ती त्याने. १६७५ मध्ये रसद न पाठवणाऱ्या अधिकाऱ्याला जाब विचारला गेला. १९४६ मध्ये रसदेची तक्रार करणाराला शिक्षा झाली, आणि त्या शिक्षेवर स्वतंत्र देशानेही आपली मोहर उमटवली.

२ सप्टेंबर २०२२ रोजी कोची येथे भारतीय नौदलाने नवे निशाण स्वीकारले. त्यातील अष्टकोनाची प्रेरणा शिवाजी महाराजांच्या राजमुद्रेची आहे. मराठी माणूस म्हणून आम्हांलाही त्याचा आनंद झाला. पण मुद्रा घ्यायची तर तिच्याबरोबर येणारे देणेही घ्यावे लागते. खलाशाच्या धान्याचे, व्यापाऱ्याच्या निर्धास्तपणाचे आणि किनाऱ्यावरच्या कुणब्याच्या झाडाचे.

हल्ली "आपल्याकडे समुद्र कुठे आहे?" हा प्रश्न आला की आम्ही काटेपूर्णेची वाट सांगत नाही. उलट विचारतो, "कोणाच्या बांधावर आंब्याचे झाड आहे?" दहा-बारा हात वर होतात. "कोणी लावले?" आजोबांनी, पणजोबांनी, एखादीची आजी. "उद्या सरकारी माणूस आला, म्हणाला जहाजाला लाकूड हवे आहे, देशाचे काम आहे. तर?" वर्ग थोडा वेळ गप्प होतो. मग चर्चा सुरू होते आणि तास संपला तरी थांबत नाही. परवा एक मुलगी म्हणाली, "सर, द्यायला हरकत नाही. पण त्याने आधी विचारायला पाहिजे." पुस्तकातले ते पान तिने अजून वाचलेले नव्हते.