सफरचंदाचा केक, छटाकातला : बडोद्याच्या एका वहीतलं पान

बडोद्याच्या मराठी घरांतल्या पाककृतींच्या जुन्या वह्या आपल्या मंडळात जमू लागल्या त्याला आता बराच काळ झाला. बहुतेक वह्यांत अपेक्षित असतं तेच सापडतं. अनारसे, चिरोटे, साटोऱ्या, आणि शेजारच्या गुजराती घरांतून आलेली सुखडी, छुंदा, हांडवा. दांडिया बाजारातला एक वाडा पाडायला निघाला तेव्हा रद्दीच्या गठ्ठ्यातून वाचवलेल्या एका वहीत मात्र 'सफरचंदाचा केक' असं एक पान निघालं. खाली लगेच कंसात 'अंडे नाही'.

वही बैठकीत फिरली तेव्हा बहुतेकांनी एकच निष्कर्ष काढला : हा खरा केक नव्हे, आपल्या सोवळ्या स्वयंपाकघरासाठी अंडं काढून टाकलेली नक्कल. मला ते पटलं नाही. पान नीट वाचलं तर ते वेगळंच काही सांगतं, म्हणून हा लेख.

पानावरचं साहित्य असं : मैदा पाव शेर, साखर तीन छटाक, लोणी दोन छटाक, सफरचंदं अर्धा शेर, खायचा सोडा एक सपाट चहाचा चमचा, दालचिनी, लवंग, जायफळ, मूठभर बेदाणे. समासात आडव्या अक्षरांत, वेगळ्या शाईनं : 'लिंबू अर्धे पिळणे'. कृती चार ओळींची आहे. सफरचंदं सोलून, थोड्या पाण्यात शिजवून, घोटून गार करायची. लोणी आणि साखर फेसायची, त्यात हा गर घालायचा, मग चाळलेला मैदा, सोडा आणि मसाला. शेवटी 'वाळूवर भाजणे'.

आधी मापांकडे बघू. शेराचे छटाक सोळा, आणि छटाक म्हणजे साधारण ५८ ग्रॅम. दोन छटाक लोणी झालं ११६ ग्रॅम. अमेरिकन स्वयंपाकात अर्धा कप लोण्याचं वजन ११३ ग्रॅम धरतात. पाव शेर मैदा म्हणजे २३३ ग्रॅम, आणि त्यांचे दोन कप मैदा २४० ते २५० ग्रॅमच्या आसपास. तीन छटाक साखर त्यांच्या एका कपापेक्षा जराशीच कमी. अर्धा शेर सफरचंदांचा गर मी मोजून पाहिला, दीड कपाला थोडा कमी भरला. दोन कप मैदा, एक कप साखर, अर्धा कप लोणी, दीड कप गर, एक चमचा सोडा ही अमेरिकेतल्या घरगुती 'ॲपलसॉस केक'ची अगदी नेहमीची मापं आहेत. एवढी जुळणी योगायोगानं होत नाही. कुणीतरी कपांची कृती समोर ठेवून तिचे छटाक केले आहेत. शेर-छटाक असल्यामुळे काळाचाही अंदाज येतो. दशमान वजनांचा कायदा १९५६ चा, आणि १९६० नंतर बाजारातून शेर हळूहळू गेला. (घरातून तो इतक्या लवकर गेला नाही हे आपण सगळेच जाणतो, तेव्हा पाच-दहा वर्षं इकडेतिकडे धरावीत.)

आता अंड्याचा मुद्दा. अमेरिकेत हा केक विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून घरोघरी होतो. काही कृतींत एक अंडं असतं, पुष्कळ कृतींत नसतंच. पहिल्या महायुद्धात त्याला विशेष मान मिळाला. ऑगस्ट १९१७ मध्ये हर्बर्ट हूवर यांच्या हाताखाली तिथं अन्न प्रशासन स्थापन झालं आणि गहू, साखर, चरबी वाचवून युरोपला पाठवा, असं आवाहन घराघरांत पोचलं. अंडं, दूध, लोणी यांतलं काहीतरी टाळणारे 'वॉर केक' त्या दिवसांत रूढ झाले. फळाच्या गरानं ओलावा आणि थोडी गोडी येते म्हणून सफरचंदाचा केक या काटकसरीत चपखल बसला. १९४२ मध्ये दुसऱ्या महायुद्धामुळे तिथं साखरेवर रेशन आलं तेव्हा तो पुन्हा पुढे आला. म्हणजे अंडं नसणं ही मूळ कृतीचीच एक शाखा आहे. बडोद्यात कुणी ते 'काढून टाकलं' असं मानायचं कारण नाही. बडोदेकरणीनं त्या शाखेतली आपल्याला चालणारी कृती निवडली, इतकंच.

अंड्याशिवाय हा केक फुगतो कसा, हे तर बडोद्यात कुणाला शिकवायला नको. ढोकळ्याच्या पिठात आंबट ताक असतं, त्यात सोडा पडला की वायू सुटतो. इथं ताकाच्या जागी सफरचंदाचा आंबटपणा. अमेरिकेत याची सुरुवात लाकडाच्या राखेपासून काढलेल्या क्षारानं झाली. अमेलिया सिमन्स यांच्या १७९६ च्या पाकपुस्तकात तो वापरलेला आहे. खायचा सोडा तिथं १८४६ पासून पुड्यांतून विकला जाऊ लागला. आपला पापडखार त्याच कुळातला.

मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते ती समासातली लिंबाची ओळ. अमेरिकन कृतीत लिंबू सहसा नसतं, कारण तिथं गरासाठी ग्रॅव्हनस्टाइन, ऱ्होड आयलंड ग्रीनिंग अशी आंबटसर सफरचंदं घ्यायची पद्धत. आपल्याकडच्या बाजारात, म्हणजे खंडेराव मार्केटातही, येणारं लाल सफरचंद गोड. त्याचीही एक गोष्ट आहे, आणि तीही अमेरिकेतच सुरू होते. फिलाडेल्फियाचे सॅम्युअल स्टोक्स १९०४ मध्ये कुष्ठरुग्णांच्या सेवेसाठी सिमल्याकडच्या डोंगरात आले, कोटगढला स्थायिक झाले, आणि १९१६ मध्ये त्यांनी तिथं 'रेड डिलिशस' जातीची कलमं लावली. हेच स्टोक्स १९२१ च्या असहकारात तुरुंगात गेले आणि पुढे सत्यानंद झाले. हिमाचलच्या सफरचंदांचा व्यापार मुख्यतः या जातीवर उभा राहिला. खायला ती गोड, पण सोड्याला पुरेल इतकं आम्ल तिच्यात नसतं. सोडा उरला की केक बसका होतो आणि त्याला साबणासारखी चव येते. वहीच्या मालकीणबाईंनी केक एकदा करून पाहिला असणार, चव घेतली असणार, आणि मग दुसऱ्या शाईनं लिंबू लिहिलं असणार. अमेरिकन कृती आणि अमेरिकन सफरचंद दोन वेगळ्या वाटांनी बडोद्यात आले, एकमेकांशी जुळेनात, आणि एका बाईनं अर्ध्या लिंबानं ते भांडण मिटवलं. नक्कल करणारी व्यक्ती असं करत नाही.

कपांची कृती बडोद्यात यायला वाटा होत्या. संस्थानी काळात, पहिल्या महायुद्धाच्या सुमारास, ॲन गिलख्रिस्ट स्ट्राँग या अमेरिकन गृहशास्त्र-शिक्षिका इथं काम करत होत्या. १९२१ मध्ये त्या न्यूझीलंडच्या ओटागो विद्यापीठात गेल्या. पुढे १९४९ मध्ये महाराजा सयाजीराव विद्यापीठ निघालं, हंसाबेन मेहता कुलगुरू झाल्या, आणि गृहविज्ञानाची विद्याशाखा उभी राहिली. तिथं शिकलेल्या मुली मराठी घरांतही होत्या. हे पान त्यांपैकी कुणाकडून आलं असा दावा मी करत नाही. पण ओव्हन नसलेल्या घरात अशी कृती लिहून घ्यावीशी वाटणारं हे शहर होतं.

ओव्हन नव्हता, म्हणून वाळू. हांडव्याचं भांडं ज्यांच्या घरी आहे त्यांना माहीत असेल : खाली वाळूची थाळी, वर मधे नळी असलेलं ॲल्युमिनियमचं भांडं, त्यावर भोकांचं झाकण. वाळू आच अडवते आणि सगळीकडे सारखी पसरते. त्याआधी पातेल्याच्या झाकणावर निखारे ठेवायची रीत होती. दिवाळीत नानखटाईचे पत्रे भट्टीवर नेऊन भाजून आणत, तेही त्याच कारणानं.

मी वहीतल्या मापानं, हांडव्याच्याच भांड्यात करून पाहिला. वाळू दहा मिनिटं तापवून घेतली, मग मंद आचेवर पन्नास मिनिटं. मिश्रण ओतताना भजीच्या पिठाहून घट्ट वाटतं, तसंच असू द्यावं, पाणी वाढवू नये. सोडा घातल्यावर लगेच भांडं चढवायचं, गप्पा मारत बसायचं नाही. रंग गडद तपकिरी येतो, जाळी बारीक पडते. लिंबाशिवायही एक घाणा केला : दोन्ही शेजारी ठेवले तर लिंबाचा बोटभर तरी उंच. त्या दिवशी गरम खाल्ला तर लवंग पुढे येते. दुसऱ्या दिवशी मसाला मुरतो, आणि गराच्या ओलाव्यामुळे तीन-चार दिवस मऊ राहतो.

वर लावायच्या थराबद्दल वहीत एकच ओळ आहे : 'चक्का व पिठीसाखर, लोण्यात'. अमेरिकेत या केकवर लोणी-साखरेचा, किंवा क्रीम चीजचा थर लावतात. बडोद्याच्या मराठी घरात श्रीखंडासाठी चक्का टांगलेला असायचाच, आणि आंबट-गोड चव तीच. ओळीतला 'लोण्यात' हा शब्द नजरेआड करू नये. चक्क्यात नुसती साखर घातली तर ती पाणी सोडते आणि थर ओघळतो. लोणी दोन छटाक आणि पिठीसाखर तीन छटाक आधी पांढरी होईपर्यंत फेसावी, मग रात्रभर टांगलेला घट्ट चक्का दोन छटाक, चमच्या-चमच्यानं. केक पूर्ण गार झाल्याखेरीज लावू नये.

शेर-छटाकात लिहिलेला केक, बिस्किटं किंवा नानखटाई आणखी कुणाच्या घरच्या वहीत असेल तर ते पान समासासकट मंडळाकडे पाठवावं, फोटो काढून पाठवला तरी चालेल. शाई बदललेली दिसली तर तेही कळवावं. आणि वाडा रिकामा करताना वह्या रद्दीत घालण्याआधी एक फोन करावा.