मागच्या चाकाची गोष्ट

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

पावसाळा नुकताच सरला होता. माझा भाचा आपली गाडी घेऊन नेहमीच्या गॅरेजमध्ये निघाला, तसा मीही सहज त्याच्याबरोबर गेलो. गाडी आजच्या रिवाजाप्रमाणे क्रॉसओव्हर, म्हणजे बांधणी मोटारीची आणि ऐट जीपगाडीची. तक्रार एवढीच होती की ब्रेक दाबला की मागून खरखर येते. मेकॅनिकने मागचे चाक उतरवले, डिस्कच्या कडेवरून नख फिरवले आणि मला म्हणाला, "काका, कड बघा केवढी उभी राहिलीय. डिस्क संपल्या." भाच्याने लगेच विचारले, "लेथवर घासून नाही का चालणार? मागचेच तर ब्रेक आहेत. खरे काम पुढचेच करतात ना?"

'मागचेच तर ब्रेक आहेत.' हे वाक्य माझ्या डोक्यात घोळत राहिले. कारण एक काळ असा होता, की मोटारीला जे काही ब्रेक असत ते मागचेच असत. पुढच्या चाकांना ब्रेक ही कल्पनाच लोकांना धोक्याची वाटे. तिथून सुरू झालेला मागच्या चाकाचा हा प्रवास मोठा वळणावळणाचा आहे आणि त्याच्या काठाकाठाने माणसांच्या जगण्यामरण्याची गोष्टही चालली आहे.

मोटार जन्मली तेव्हा तिने घोडागाडीचा वारसा घेतला. चाकाच्या धावेवर लाकडी ठोकळा दाबायचा, की गाडी थांबते. पण हवेचे रबरी टायर आले आणि ठोकळ्याने टायरच फाटू लागले. मग चाकाच्या आसाभोवती पट्टा आवळण्याची युक्ती निघाली. १९०२ मध्ये फ्रान्सच्या लुई रेनो यांनी ड्रम ब्रेकला आकार दिला. चाकाबरोबर फिरणारे लोखंडी डबडे आणि त्याच्या आतून दोन्ही बाजूंना फाकून घासणारे दोन शू, अशी ही रचना. हे सारे बहुधा मागच्या चाकांवरच असे. पुढची चाके वळतात, तिथवर सळया आणि तारा न्यायच्या कशा, हा एक प्रश्न. आणि पुढून ब्रेक लावला तर गाडी कोलांटी खाईल, ही दुसरी भीती.

प्रत्यक्षात विज्ञान याच्या नेमके उलट सांगते. एसटीत उभे असताना चालकाने करकचून ब्रेक मारला की आपण पुढे झेपावतो. तसाच गाडीचा भारही पुढच्या चाकांवर जातो आणि मागची चाके हलकी होतात. हलक्या चाकाची रस्त्यावरची पकड कमी, म्हणून एकट्या मागच्या ब्रेकने गाडी लवकर थांबत नाही. उलट मागची चाके जाम झाली तर गाडी भोवऱ्यासारखी फिरते. हे ध्यानात येऊन पहिल्या महायुद्धानंतर चारही चाकांना ब्रेक येऊ लागले. १९१९ ची हिस्पानो-सुइझा आणि १९२१ ची अमेरिकेतली ड्युसेनबर्ग या त्यातल्या ठळक गाड्या. ड्युसेनबर्गमध्ये तर सळयांच्या जागी नळीतल्या द्रवाचा दाब आला, जो आजही आपल्या गाड्यांत आहे. त्या काळी चार चाकांचे ब्रेक असलेल्या गाड्यांच्या पाठीवर लाल त्रिकोणाची पाटी लावत. अर्थ असा, की ही गाडी चटकन थांबते, मागच्याने जपून यावे! ही पाटी लक्षात ठेवा, पुढे तिची आठवण येणार आहे.

आता डिस्ककडे वळू. डिस्क ब्रेक ही अगदी अलीकडची करामत आहे, असे आपल्याला वाटते. पण इंग्लंडमधील बर्मिंगहॅमचे अभियंते फ्रेडरिक लँचेस्टर यांनी तिचे पेटंट १९०२ मध्येच घेतले होते. म्हणजे डिस्क आणि ड्रम ही जवळपास जुळी भावंडेच. लँचेस्टर यांच्या गाड्यांचे चाहते आपल्याकडेही होते. क्रिकेटमुळे घराघरात माहीत झालेले नवानगरचे जामसाहेब रणजितसिंहजी हे त्यांतलेच एक. लँचेस्टर यांची कल्पना सोपी होती. चाकाबरोबर एक तबकडी फिरते, ती दोन्ही बाजूंनी चिमटीत धरली की चाक थांबते. अडचण चिमटीच्या अस्तराची होती. त्यांनी तांब्याचे अस्तर वापरले. धातूवर धातू घासून असा कर्णकर्कश आवाज होई, की गाडीपेक्षा तिची किंकाळीच आधी पोचावी. त्यात धुळीच्या रस्त्यांमुळे तांबे झिजेही लवकर. कल्पना मागे पडली. तिचा विजय पाहायला लँचेस्टर उरले नाहीत, १९४६ मध्ये ते निवर्तले.

अस्तराचा प्रश्न सोडवला तो इंग्लंडच्याच हर्बर्ट फ्रूड यांनी. १९०८ च्या सुमारास त्यांनी अस्तरात ॲस्बेस्टॉस आणले. आग न लागणारा, उष्णतेला दाद न देणारा हा खनिज धागा ब्रेकसाठी जणू वरदानच ठरला. पण वरदानामागे शाप होता. १९२४ मध्ये रॉचडेल गावी नेली केरशॉ ही ॲस्बेस्टॉसच्या गिरणीत काम केलेली बाई अवघ्या तेहतिसाव्या वर्षी वारली. तिच्या फुप्फुसांत तो धागा सापडला आणि वैद्यकीय नियतकालिकात तिच्या मृत्यूची नोंद झाली. तरी ब्रेकच्या अस्तरातून हा धागा हद्दपार व्हायला पाऊण शतक लागले. ब्रिटनने १९९९ मध्ये बंदी घातली, युरोपीय संघात ती २००५ पासून सर्वत्र लागू झाली. मधल्या काळात जगभर लाखो मेकॅनिकांनी ड्रम उघडून आतली धूळ तोंडाने फुंकली असेल. आमच्या मेकॅनिकने परवा हवेचा पाइप उचलला, तेव्हा मी त्याचा हात धरला. आजच्या पॅडमध्ये ॲस्बेस्टॉस नसले, तरी ब्रेकची धूळ ओल्या फडक्याने किंवा ब्रेक क्लीनरनेच काढावी, हे या इतिहासाचे पहिले सांगणे आहे.

दुसऱ्या महायुद्धाच्या आसपास विमाने जड आणि वेगवान झाली. धावपट्टीवर उतरताना त्यांना थांबवायला डिस्क कामी आली. पुढे डनलॉप कंपनीने विमानाची ही विद्या जग्वार मोटारीत आणली. १९५२ मध्ये फ्रान्सच्या रान्स येथे स्टर्लिंग मॉस यांनी डिस्क ब्रेकच्या जग्वारवर शर्यत जिंकली. पुढच्याच वर्षी ल मान्सच्या चोवीस तासांच्या शर्यतीत टोनी रोल्ट आणि डंकन हॅमिल्टन यांच्या जग्वारने ताशी सुमारे १७० किलोमीटरची सरासरी गाठली. तिथे शंभर मैलांची सरासरी ओलांडण्याची ती पहिलीच वेळ. गंमत पाहा, गाडी वेगवान ठरली ती ब्रेकमुळे! चालकाला वळणापाशी उशिरापर्यंत वेग ठेवता येई आणि दहाव्या तासालाही ब्रेक पहिल्या तासासारखाच लागे. ड्रम तापला की फुगतो आणि शूपासून दूर जातो. पेडल खाली खाली जाऊ लागते. डिस्क तापली तरी चिमटीतच राहते, शिवाय उघड्यावर असल्याने लवकर निवते.

पण दोनच वर्षांनी, ११ जून १९५५ रोजी, याच ल मान्समध्ये घात झाला. डिस्क ब्रेकची जग्वार चालवणाऱ्या माइक हॉथॉर्न यांनी पिटमध्ये शिरण्यासाठी एका गाडीला ओलांडून एकदम वेग कमी केला. ओलांडलेल्या गाडीचा चालक टाळण्यासाठी डावीकडे सरला आणि मागून सुसाट येणारी पिएर लव्हे यांची मर्सिडीज त्याच्यावर आदळून कडेच्या मातीच्या बांधावर उडाली. तिचे तुकडे गर्दीत घुसले. लव्हे आणि ऐंशीहून अधिक प्रेक्षक ठार झाले. त्या मर्सिडीजला ड्रम ब्रेक होते. चौकशीत कुणा एका चालकाला दोषी ठरवले गेले नाही आणि वाद आजही मिटलेला नाही. पण थांबण्याची ताकद असमान असलेल्या गाड्या एकाच रस्त्यावर धावल्या की काय होऊ शकते, हे जगाने पाहिले. तीस वर्षांपूर्वीची लाल त्रिकोणाची पाटी सांगत होती ते हेच.

त्याच १९५५ मध्ये सिट्रोएन डीएस या फ्रेंच गाडीने डिस्क ब्रेक घराघरात नेले, पण पुढच्या चाकांवरच. मागे ड्रम कायम राहिले. हीच तडजोड जगाने पुढे कित्येक वर्षे पाळली. कारणे दोन. एक तर थांबवण्याचे बहुतेक काम पुढची चाके करतात. दुसरे म्हणजे हँडब्रेक. उभ्या गाडीला उतारावर धरून ठेवायला ड्रमसारखा स्वस्त आणि खात्रीचा गडी नाही. डिस्कवर ही सोय करायची तर कॅलिपरच्या दट्ट्यात फिरता आटा बसवावा लागतो, नाहीतर डिस्कच्या पोटातच छोटा ड्रम ठेवावा लागतो. जग्वारने १९६१ च्या ई-टाइपमध्ये मागच्या डिस्क चाकापाशी न ठेवता आत, डिफरन्शियलला चिकटून ठेवल्या. चाके हलकी झाली, पण उष्णतेने डिफरन्शियलची तेलाची सीले जाऊ लागली, तेल डिस्कवर गळू लागले आणि डिस्क बदलायची तर मागचा सारा सांगाडा खाली उतरवण्याची पाळी आली. आज चार नट खोलून होणारे काम तेव्हा कसे जीव काढत असेल, याची कल्पना करा.

आपल्याकडे ॲम्बेसेडर आणि पद्मिनीच्या राज्यात चारही चाकांना ड्रमच असत. घाट उतरताना दुसऱ्या गिअरमध्ये गाडी ठेवा, हा वडीलधाऱ्यांचा सल्ला त्यातूनच आला, आणि तो आजही खरा आहे. दीड टनाची गाडी ताशी शंभरवरून थांबवताना जी उष्णता निर्माण होते, तिच्यात जवळपास पावणेदोन लिटर गार पाणी उकळीला येईल. बोरघाटाच्या उतारावर ही चूल किती वेळा पेटते, पाहा! पुढे समोरच्या चाकांवर डिस्क रुळल्या, १ एप्रिल २०१९ पासून नव्या मोटारींना एबीएस सक्तीचे झाले, आणि ग्राहक 'मागे डिस्क आहेत का?' असे विचारू लागला. टाटा हॅरिअर २०१९ मध्ये मागे ड्रम घेऊन आली, तेव्हा त्यावर टीका झाली. २०२३ च्या नव्या रूपात तिला मागेही डिस्क मिळाल्या.

हे सगळे मी भाच्याला गॅरेजच्या बाकड्यावर बसून सांगितले. मग आम्ही डिस्क हातात घेतली. तिच्या कडेवर किमान जाडी कोरलेली असते. या डिस्कवर ती ८ मिलिमीटर होती, आणि व्हर्निअरने मोजली तर भरली ७.७. म्हणजे लेथचा प्रश्नच संपला; लेथ तर आणखी पातळ करणार. पातळ डिस्क उष्णता कमी सामावते, लवकर तापते, तडकते. कॅलिपरचा दट्ट्याही गरजेपेक्षा बाहेर येतो. दुसऱ्या बाजूची डिस्क ८.१ होती. भाचा म्हणाला, "मग ती तरी राहू दे." तेही नाही. एकाच आसावरच्या दोन्ही डिस्क जोडीनेच बदलायच्या आणि पॅडही नवे घालायचे, नाहीतर गाडी एका बाजूला ओढते.

नवी डिस्क आणताना केवळ मॉडेलचे नाव सांगून भागत नाही. एकाच गाडीच्या दोन इंजिनांना वेगळ्या व्यासाच्या डिस्क असू शकतात. चासी नंबरवरून भाग काढावा आणि जुन्या डिस्कशी व्यास, जाडी, उंची, भोके सारे ताडून पाहावे. काही फ्रेंच गाड्यांत मागच्या डिस्कमध्येच बेअरिंग आणि एबीएसचे चुंबकी कडे असते. तिथे साधी डिस्क चालतच नाही. भोके पाडलेल्या झकपक डिस्कचा मोह घरच्या गाडीला नको. बसवताना हबवरचा गंज घासून काढावा, डिस्कवरचे संरक्षक तेल पुसावे. आणि विजेवर चालणारा हँडब्रेक असेल, तर दट्ट्या हाताने दाबून आत ढकलू नये. आधी स्कॅनरने त्याला दुरुस्तीच्या अवस्थेत न्यावे. पहिले दोन-तीनशे किलोमीटर हलक्या हाताने ब्रेक मारावेत, म्हणजे डिस्क आणि पॅड एकमेकांना सरावतात.

या कथेला अलीकडे एक नवे वळण मिळाले आहे. विजेच्या गाड्यांत मोटरच वेग कमी करते, त्यामुळे मागच्या डिस्क नुसत्या गंजत बसतात. म्हणून फोक्सवॅगनने आयडी.४ या विजेच्या क्रॉसओव्हरला मागे पुन्हा ड्रम दिले. बंद डबड्यात गंजही कमी आणि धूळही आतच राहते. या धुळीवर युरोपने २०२४ मध्ये मंजूर केलेल्या युरो-७ नियमांनी प्रथमच मर्यादा घातली आहे. जुने ते टाकाऊ, हे यंत्राच्या बाबतीतही खरे नसते. कोणते काम, कोणती गाडी, कोणता रस्ता, यावर सारे ठरते.

भाच्याने दोन्ही डिस्क बदलल्या. पुढच्या रविवारी त्याला बायको-मुलांना घेऊन कोकणात उतरायचे होते. निघताना मेकॅनिकने झिजलेल्या डिस्क भंगारात टाकण्याआधी एक त्याच्या हातात दिली. त्याने तिच्यावर कोरलेला आठचा आकडा अंगठ्याने पुसून पुन्हा एकदा वाचला आणि म्हणाला, "मामा, हा आकडा आधीपासूनच इथे होता. मी कधी खाली वाकून पाहिलंच नाही."