आभाळातलं जातं

आमच्या घरात हवाई दलाचा इतिहास पहिल्यांदा सांगितला तो आजीने. आणि तिने तो पाहिलेला नव्हता, नुसता ऐकलेला होता.

"पानशेत फुटलं त्याच साली," अशी तिची सुरुवात. साल तिला आकड्यात कधी सांगता आलं नाही. पानशेत, कोयनेचा भूकंप, बहात्तरचा दुष्काळ अशा खुंट्यांवर तिने सगळा जन्म टांगून ठेवला होता. "शाळवाच्या राखणीला गेले व्हते. माळ्यावर बसलेवते गोफण घिऊन. तांबडं फुटत व्हतं. आन् आभाळात कुणीतरी जातं फिरवाय लागलं बघ. घरघर, घरघर. पाखरं आपसूक उठली, गोफण फिरवाय लागली न्हाई." मग जरा थांबून, "न्याहारीच्या वक्ताला परत त्येच. दोनदा आलं जातं."

आम्ही पोरं हसायचो. कारण पुढे ती म्हणायची की ती विमानं चीनवर चालली होती. चीनची लढाई त्याच्या पुढच्या वर्षीची. शिवाय विमानं किती होती विचारलं तर "लई" यापलीकडे हिशेब नाही. त्यामुळे आजीचं जातं आमच्याकडे भुताखेतांच्या गोष्टींच्या रांगेत बसलं.

त्याच हिवाळ्याची आजोबांची गोष्ट मात्र सगळे गंभीरपणे ऐकत. ते लोणंद स्टेशनच्या मालधक्क्यावर तोलाईला होते, आणि त्यांची तक्रार नेमकी होती: कांद्याला वाघिणी मिळेनात. पुणे–मिरज रेल्वे तेव्हा मीटर गेजची, आमच्या बोलीत छोटी गाडी. हळवा कांदा धक्क्यावर येऊन पडलेला, आणि गाड्या सगळ्या मिलिटरीच्या. पुण्याकडून यायच्या आणि सालप्याचा घाट चढून अदर्की, वाठारवरून मिरज, बेळगावकडे निघून जायच्या. एकदा अशीच एक गाडी सिग्नलला थांबली. खिडकीतून पगडीवाले जवान पाणी मागत होते. आजोबांनी पाणी दिलं, वर फुटलेल्या गोणीतले कांदे दिले. जवानांनी पैसे पुढे केले, आजोबांनी घेतले नाहीत. "कुठं चाललात," असं विचारल्यावर एकजण म्हणाला, "पता नहीं, चाचा." आजोबांना मात्र पत्ता होता. बेळगावच्या पुढे काय आहे हे मालधक्क्यावरच्या तोलाऱ्याला कुणी सांगावं लागत नाही.

तर ते साल १९६१, महिना डिसेंबर, आणि बेळगावच्या पुढे होता गोवा.

पुढे कितीतरी वर्षांनी गोवामुक्तीच्या लढाईबद्दल वाचायला बसलो. हवाई दलाने तेव्हा दोन ठिकाणी बस्तान बसवलं होतं. बेळगावजवळच्या सांबऱ्याला हंटर आणि व्हॅम्पायर. जड बाँबफेकी कॅनबेरा मात्र पुण्यात, लोहगावला. लोहगावचा तळ १९३९ चा, इंग्रजांनी बांधलेला. १८ डिसेंबरला सकाळी विंग कमांडर एन. बी. मेनन यांच्या नेतृत्वाखाली बारा कॅनबेरांनी दाबोळीची धावपट्टी फोडली. काही मिनिटांत ६३,००० पौंड बाँब. हुकूम असा की फक्त धावपट्टी, इमारतींना धक्का नको. आणि त्यानंतर, त्याच सकाळी, विंग कमांडर सुरिंदर सिंग यांच्याबरोबर आणखी आठ कॅनबेरा, त्याच ठिकाणी. सहा हंटरांनी बांबोळीचं बिनतारी केंद्र उडवलं ते वेगळं.

बारा आणि आठ. दोन खेपा. पुस्तक मांडीवर तसंच राहिलं. आजीला जाऊन तोवर चार वर्षं झाली होती.

मग मी नकाशा काढला आणि लोहगावपासून दाबोळीपर्यंत पट्टी ठेवली. रेघ जवळजवळ सरळ दक्षिणेला उतरते आणि बरोबर वाईवरून जाते. लोणंद त्या रेघेच्या पूर्वेला तीसेक किलोमीटर. विमानं पट्टीने आखल्यासारखी थोडीच जातात? पण एकेका कॅनबेराला रोल्स-रॉइसची दोन एव्हन इंजिनं, म्हणजे पहिल्या खेपेला चोवीस. डिसेंबरातल्या पहाटे थंड हवा जमिनीला चिकटून बसलेली असते आणि लांबचा आवाज तिच्यातून सरपटत येतो. आमच्या मळ्यात अशा वेळी नीरेच्या पुलावरची गाडी ऐकू येते. आजीचा चीन चुकला. जातं चुकलं नसावं, असं माझं मत आहे.

त्या १८ डिसेंबरच्या रात्रीचा एक किस्सा मला फार आवडतो. दाबोळीच्या इमारती शाबूत, आणि आवारात उभी असलेली दोन प्रवासी विमानंही शाबूत. पोर्तुगिजांनी अंधारात धावपट्टीचे खड्डे कसेबसे बुजवले, अधिकाऱ्यांची बायकापोरं त्या दोन विमानांत भरली आणि विमानं निसटली. हे मी नानांना सांगितलं तेव्हा ते हसले नाहीत. "डांबर-खडी असली की रस्ता व्हतोच की," एवढंच म्हणाले.

नाना म्हणजे माझे धाकटे चुलते. जातं फिरलं तेव्हा सोळा वर्षांचे. अठरा पुरी झाल्यावर हवाई दलात भरती झाले, मद्रासजवळ तांबरमला इंजिन फिटरचं ट्रेनिंग घेतलं. गावाला फिटर वगैरे कळत नव्हतं. सुट्टीवर आले की पारावर एकच प्रश्न: "काय रं, इमान चालिवतोस का?" नाना म्हणायचे, "मी चालू करतो. चालवणारं दुसरं असत्यात." यावर लोक गप्प व्हायचे, कारण हे खरं की थट्टा ते कळायचं नाही.

खरंच होतं ते. कॅनबेराचं इंजिन काडतुसाने चालू व्हायचं. बंदुकीला घालतात तसं, पण चांगलं डब्याएवढं काडतूस इंजिनाच्या नाकाडात बसवायचं. पायलटने बटण दाबलं की ते पेटणार, त्याच्या वायूने छोटी टर्बाइन गरगरणार आणि तिच्या झटक्याने आख्खं इंजिन फिरायला लागणार. क्षणभर काळ्या धुराचा लोट, दिवाळीतल्या फटाक्यांचा वास, आणि मग शिट्टी. ही शिट्टी नाना तोंडाने काढून दाखवायचे, आधी जाड, मग बारीक होत जाणारी. आजी म्हणायची, "तुझ्या कापडांना तर रॉकेलचा वास येतोय." तोही बरोबर, जेटचं इंधन रॉकेलच्याच जातीचं. रेशनवर रॉकेलची मारामार होती त्या काळात आजीने एकदा विचारलंही होतं, की एवढं सांडतं तिथं, तर येताना एखादा डबा का आणत नाहीस.

एक गोष्ट नाना हसत सांगत नसत. आपल्याकडच्या बाँबफेकी कॅनबेरात माणसं दोन. पायलट वर काचेच्या घुमटात, नेव्हिगेटर पुढे नाकात. संकटात उडी मारायची खुर्ची होती ती पायलटला. नेव्हिगेटरला नाही, त्याने उठून बाजूच्या दाराशी जायचं आणि दार उघडून उडी टाकायची. "विमान गिरक्या खातंय, आन् ह्यानं दार हुडकायचं," नाना म्हणायचे. निघण्याआधी ते दार ते दोनदा पाहायचे. ते त्यांचं काम नव्हतं, त्यांचं काम इंजिनाचं.

एकाहत्तरच्या डिसेंबरात नाना लोहगावलाच होते. त्या रात्रींबद्दल त्यांच्याकडून फारसं निघत नाही. पुण्याच्या ३५ स्क्वाड्रनची विमानं कराचीकडे जात होती हे आता छापून आलंय. नानांची हकिगत याहून आखूड. "गेल्याली मोजायची. आल्याली मोजायची. मधी च्या प्यायचा." इकडे आजीला कुणीतरी सांगितलं की पुण्यात अंधार करतात. तिने लोणंदच्या घराच्या खिडकीला गोणपाट लावलं आणि कंदिलाची काच निम्मी काजळीने माखली. शेजारीण म्हणाली, कांद्याच्या गावावर कोण टाकतंय बाँब? आजी म्हणाली, "माझं पोरगं तितं अंधारात हाय, मी हितं उजेडात बसू व्हय?"

माझ्या वाट्याला आली ती सुखोई. १९९७ च्या जूनमध्ये रशियाहून आलेल्या पहिल्या आठ सुखोई-३० लोहगावला २४ स्क्वाड्रनमध्ये दाखल झाल्या. पुढे त्याच जातीची सुधारित विमानं नाशिकजवळ ओझरला बनायला लागली. लोहगाव ते लोणंद सरळ रेषेत पासष्टेक किलोमीटर. एसटीने अडीच तास, आणि आवाजाच्या वेगाने सव्वातीन मिनिटं. एका दुपारी चाळीत कांदा निवडत बसलो असताना असा धमाका झाला की पत्रे थरारले. आजी उठून सरळ अंगणात, मोकळ्यावर. सदुसष्टच्या कोयनेच्या पहाटेपासून तिच्या पायांना ती सवय लागलेली. ध्वनीचा वेग ओलांडला की असा आवाज होतो, हे मी तिला शाळामास्तरासारखं समजावलं. ती म्हणाली, "म्हंजी जात्याचा खुटा तुटला म्हण."

२००९ च्या नोव्हेंबरात राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील लोहगावहून सुखोईत बसून उडाल्या, वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी. टीव्हीवर हवाई दलाच्या पोशाखातल्या ताई बघून आजी बराच वेळ गप्प होती. जळगावची बाई, एरवी कायम डोक्यावर पदर. शेवटी म्हणाली, "पदर कुठं खवला असंल तिनं?" त्याच हिवाळ्यात आजी गेली.

कॅनबेरा तिच्या आधीच गेलं होतं: ११ मे २००७ ला आग्र्यात निरोप, पन्नास वर्षांची नोकरी करून. नानांना पेपर दाखवला तर त्यांनी फोटोत इंजिनाचं नाकाड तेवढं बघितलं.

आता त्यांची ऐंशीच्या घरातली गत. सकाळी उठले की आधी अंगणातले खडे वेचतात. नोकरीत रोज पहाटे रांगेने धावपट्टीवर फिरून खडे, खिळे, सुट्या चकत्या वेचायला लागायच्या. एक खडा इंजिनाने ओढला तर आतली पाती जातात. अंगणात इंजिन नाही. सुनेने सुरुवातीला ऐकवून पाहिलं, आता तीच त्यांना सूप आणून देते.

गेल्या थंडीत मी गावी होतो. नाना खडे वेचत होते आणि वरून आवाज गेला, दक्षिणेकडे. मी डोळ्यांवर हात धरून शोधत राहिलो. नानांनी मान वर केली नाही. "दोन हायती," म्हणाले. तासाभराने एक आवाज परत आला. जेवायची हाक आली, ताटं वाढली. "दुसरं दुसऱ्या वाटंनं उतारलं असंल," नाना म्हणाले आणि पाटावर बसले. भाकरी मोडण्याआधी तेवढ्यात एकदा उठून अंगणात जाऊन आले.