मूकपटातले बोलके यात्रेकरू

जिप्पेन्शा इक्कू यांच्या 'तोकाइदोच्यू हिझाकुरिगे' या विनोदी प्रवासकथेचा पहिला भाग १८०२ मध्ये निघाला. एदो, म्हणजे आजच्या टोकियोतले याजी आणि किता हे दोन उनाड सोबती इसेच्या देवस्थानाला पायी निघतात. तोकुगावा राजवटीत सामान्यांच्या प्रवासावर निर्बंध होते. तीर्थयात्रेला मात्र परवानगी मिळे. म्हणून यात्रा हे निमित्त. खरा रस वाटेवरच्या फजितीत आणि त्याहून अधिक या दोघांच्या बोलण्यात, कोट्यांत, थट्टेच्या कवनांत.

मग १९२७ मध्ये तोमियासू इकेदा यांनी या जोडीवर मूकपट काढला, तेव्हा त्या बोलण्याचे काय झाले? ते पडद्याशेजारी उभ्या असलेल्या 'बेन्शी'च्या तोंडी गेले. हा निवेदक पात्रागणिक आवाज बदलून संवाद म्हणे, मध्येच स्वतःची टिप्पणीही करी. १९३० च्या दशकात बोलपट रुळले आणि बेन्शींचा व्यवसाय बुडाला. त्या काळचे बहुतेक जपानी मूकपट आज नष्ट झाले आहेत. एखाद्याची फीत सापडली, तरी त्या दिवशीच्या खेळातला आवाज तिच्यात नसतो.

साहित्यकृतीचे चित्रपट-रूपांतर अभ्यासताना आपण कथानक किती उरले हे मोजतो. आम्हांला वाटते, येथे आधी विचारायला हवे ते हे, की बोलत कोण होते?