उताणे बाळ, पालथे बाळ

रामनवमीच्या मध्यान्ही सभामंडपात टांगलेला पाळणा आमच्या वाचकांस परिचित आहे. नारळास कुंची घालून तो दुपट्यावर निजवितात, सुवासिनी दोरी ओढतात आणि पाळणा गातात. बाळाचे मुख वर, पाहणारांकडे असावयाचे, हे तेथे कोणी कोणास शिकवीत नाही. घरच्या बाळासही बारशाच्या दिवशी उताणेच ठेवतात. आणि पुढे ते आपल्या बळाने प्रथम पालथे पडले म्हणजे घरभर त्याचे कौतुक होते. तान्ह्याला मुद्दाम पालथे निजवावे, हा उपदेश आमच्या आज्यांस चमत्कारिकच वाटला असता.

परंतु विसाव्या शतकाच्या मध्यास पाश्चात्त्य देशांत हाच उपदेश विद्वान वैद्यांच्या मुखातून निघाला. अमेरिकेतील डॉ. बेंजामिन स्पॉक यांचे शिशुसंगोपनावरील ग्रंथ १९४६ साली निघाला व घरोघर गेला. पुढील दशकातील आवृत्तीत त्यांनी पालथे निजविण्याची शिफारस केली. कारण वरवर सयुक्तिक होते : उताण्या बाळाला ओकारी झाली तर ती घशात जाऊन ते गुदमरेल. रुग्णालयांत अपुऱ्या दिवसांच्या बाळांना देखरेखीखाली पालथे ठेवीत, त्याचाही आधार मिळाला. लेखकाच्या सद्भावनेविषयी आम्हांस तिळमात्र शंका नाही. पण सद्भावना म्हणजे पुरावा नव्हे.

रात्री धडधाकट निजविलेले बाळ पहाटे मृत आढळावे आणि शवपरीक्षेतही कारण सापडू नये, अशा घटना त्या देशांत वाढत गेल्या. हॉलंडमध्ये १९७० नंतर पालथे निजविण्याची रीत पसरली, तसे हे मृत्यूही वाढले. दुःखात बुडालेल्या आयांवर संशय घेतला जाई, हे त्या काळाचे आणखी एक क्रौर्य.

वस्तुतः शरीररचना त्या भीतीच्या उलट सांगते. बाळ उताणे असता श्वासनलिका अन्ननलिकेच्या वरच्या बाजूस येते. उलटून आलेले दूध श्वासनलिकेत शिरावयाचे तर त्यास वर चढावे लागते. पालथ्या बाळाचे नाक मऊ अंथरुणात रुतते, सोडलेलाच श्वास ते पुन्हा घेते आणि अंगाची उष्णता बाहेर पडत नाही.

हॉलंडने १९८७ साली लोकांस सावध केले. न्यूझीलंडमधील मोठ्या पाहणीने तोच निष्कर्ष काढला, आणि इंग्लंडात १९९१ अखेर मोहीम निघाली. तिच्यामागे ॲन डायमंड या दूरचित्रवाणी-निवेदिकेचा आग्रह होता. त्याच वर्षी तिचे स्वतःचे बाळ असे गेले होते. अमेरिकेची मोहीम १९९४ ची. या देशांत असे मृत्यू काही वर्षांत निम्म्याहून खाली आले. औषध नाही, शस्त्रक्रिया नाही. बाळ फक्त पाठीवर निजविले. मनाला चटका लावणारी गोष्ट निराळीच. २००५ साली रूथ गिल्बर्ट व त्यांच्या सहकाऱ्यांनी जुने अभ्यास एकत्र तपासले, तेव्हा असे आढळले की पुरेसा पुरावा १९७० पर्यंतच जमा झाला होता. तेव्हाच तो पाहिला असता तर एकट्या ब्रिटनमध्ये १०,००० हून अधिक आणि युरोप, अमेरिका, ऑस्ट्रेलिया या भागांत मिळून निदान ५०,००० बाळे वाचती.

हे वाचून आम्ही आपली पाठ थोपटून घ्यावी काय? आमची रीत उताण्याची खरी, पण पाळण्यातील सामग्रीचे काय? मोहरीची उशी, कानांवरून बांधलेली कुंची, दुपट्यांच्या घड्या, नऊवारी लुगड्यांची जाड गोधडी : यांत माया ओतप्रोत आहे, आणि धोकाही आहे. तान्ह्याची बरीचशी उष्णता डोक्यावाटे जाते. झोळीत तर पाठीचे कमान होऊन हनुवटी छातीला टेकते व श्वासमार्ग आवळतो. उतरत्या बिछान्यांतील अशाच धोक्यामुळे ते बिछाने, तसेच पाळण्याच्या कडेला बांधावयाच्या गुबगुबीत गाद्या, अमेरिकेने २०२२ साली कायद्याने बंद केल्या.

बालवैद्य आज सांगतात तो बिछाना अगदी ओकाबोका : सपाट, टणक गादी, तिच्यावर ताणून बसविलेली चादर, आणि उशी, पांघरूण, खेळणे काही नाही. वर्षभर प्रत्येक झोपेला बाळ पाठीवर ठेवावे, पुढे ते आपणहून दोन्हीकडे वळू लागले तर झोपेत त्यास पुन्हा उताणे करीत बसण्याचे कारण नाही. आजीची गोधडी जमिनीवर अंथरावी; बाळ जागे असता, कोणी शेजारी बसलेले असता, त्याच गोधडीवर त्याला थोडा वेळ पालथेही घालावे, म्हणजे मान धरते.