सुलभा देशपांडे : छबिलदासच्या बाई, रंगभूमीवरची बेणारे आणि पडद्यावरची आई

‘इंग्लिश विंग्लिश’ या २०१२ सालच्या सिनेमात श्रीदेवीच्या सासूचं काम करणाऱ्या आजीबाई आठवतात? सुनेची टिंगल होत असताना तिच्या बाजूने उभी राहणारी ती सासू अनेकांच्या लक्षात आहे, पण नाव विचारलं तर बरेच जण अडखळतात. त्या होत्या सुलभा देशपांडे. चरित्र अभिनेत्यांच्या बाबतीत असं नेहमीच होतं. चेहरा घराघरांत पोचतो, नाव मात्र मागे राहतं. सुलभाताईंच्या बाबतीत मागे राहिलेलं काम जरा जास्तच मोठं आहे.

शाळेतून सुरुवात

सुलभाताईंचा जन्म १९३७चा, माहेरचं आडनाव कामेरकर. दादरच्या छबिलदास शाळेत त्या शिक्षिका होत्या आणि तिथल्या मुलांसाठी नाटकं लिहून बसवायच्या. म्हणजे पुढे ज्या दोन गोष्टी त्यांनी आयुष्यभर केल्या, अभिनय आणि मुलांना घडवणं, त्यातली दुसरी शाळेच्या वर्गातच सुरू झाली होती. स्नेहसंमेलनाचं नाटक बसवणारे शिक्षक आपल्याकडे बेळगाव-खानापूरपासून इंदूर-बडोद्यापर्यंत प्रत्येक मराठी शाळेत सापडतात. सुलभाताई त्यांच्यातल्याच एक होत्या, फक्त त्या तेवढ्यावर थांबल्या नाहीत.

१९६०च्या सुमारास मुंबईत ‘रंगायन’ ही संस्था उभी राहिली. विजया मेहता, विजय तेंडुलकर, डॉ. श्रीराम लागू, अरविंद देशपांडे ही मंडळी तिथे एकत्र आली. धंदेवाईक नाटकापेक्षा वेगळं काही करून बघायचं हा हेतू होता. सुलभाताई याच गोटातल्या. दिग्दर्शक आणि अभिनेते असलेले अरविंद देशपांडे हे त्यांचे पती.

शिक्षिकेने केलेली शिक्षिका

१९६७ साली रंगायनने तेंडुलकरांचं ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ रंगमंचावर आणलं. दिग्दर्शन अरविंद देशपांडे यांचं, आणि लीला बेणारेच्या भूमिकेत सुलभाताई.

नाटकाचा साचा वरवर साधा आहे. मुंबईची एक हौशी मंडळी प्रयोगासाठी गावी येते. वेळ काढायला म्हणून खोटा खटला चालवायचं ठरतं आणि गमतीत शाळामास्तरीण बेणारे बाईंना आरोपी केलं जातं. हळूहळू गंमत संपते. लग्नाविना गरोदर असलेल्या या बाईची सगळी खासगी बाब सहकारी चघळू लागतात, आणि शेवटी तिच्या पोटातलं मूल नष्ट करावं असा निकाल दिला जातो. ज्या पुरुषामुळे हे घडलं तो प्रोफेसर दामले रंगमंचावर येतच नाही.

या भूमिकेची अवघड बाजू अशी की बेणारे पहिल्या अंकात सारखी बोलते, हसते, दुसऱ्यांच्या नकला करते. नंतर बराच वेळ ती जवळपास गप्प असते आणि बाकीचे बोलत राहतात. मग येतं ते शेवटचं प्रदीर्घ स्वगत. हे स्वगत तेंडुलकरांनी आधी लिहिलेलं नव्हतं. दिग्दर्शकाने आग्रह धरला म्हणून ते नाटकात आलं. आज मराठीत अभिनयाच्या स्पर्धेला किंवा प्रवेशपरीक्षेला उभी राहणारी कितीतरी मुलगी हेच स्वगत निवडते. ते पहिल्यांदा उभं केलं सुलभाताईंनी. १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी या नाटकावर सिनेमा केला, त्यातही बेणारे त्याच होत्या. छायाचित्रण गोविंद निहलानींचं होतं.

आविष्कार आणि छबिलदास

१९७१मध्ये अरविंद आणि सुलभा देशपांडे, अरुण काकडे आणि सहकाऱ्यांनी ‘आविष्कार’ ही संस्था काढली. सुरुवात झाली ‘तुघलक’ने. धारवाडशी नातं असलेल्या गिरीश कार्नाडांचं हे मूळ कन्नड नाटक, मराठी अनुवाद तेंडुलकरांचा. भाषेच्या नावाने रोज वाद ऐकणाऱ्या सीमाभागातल्या वाचकांनी ही नोंद लक्षात ठेवावी. मराठीतल्या एका महत्त्वाच्या नाट्यसंस्थेचा नारळ कन्नड नाटकाने फुटला.

अडचण होती जागेची. मोठ्या नाट्यगृहाचं भाडं प्रायोगिक नाटकाला परवडत नाही, कारण तिकीटविक्रीतून ते निघत नाही. हा हिशेब मुंबईत तसा गोव्यात, हैदराबादमध्येही सारखाच. तोडगा निघाला तो शाळेचाच. १९७४पासून छबिलदास शाळेचा साधा हॉल आविष्कारला प्रयोगांसाठी मिळाला. ज्या शाळेत सुलभाताई शिकवत होत्या तीच शाळा प्रायोगिक रंगभूमीचं घर झाली. सत्यदेव दुबे, अमोल पालेकर, जयदेव हट्टंगडी अशा अनेकांनी तिथे काम केलं. या काळाला पुढे ‘छबिलदास चळवळ’ असंच नाव पडलं. तिथला मुक्काम संपल्यावर आविष्कारने माहीमच्या महापालिका शाळेत बस्तान हलवलं. म्हणजे पुन्हा शाळाच!

चंद्रशाला : मुलांचं नाटक

आविष्कारचा बालविभाग म्हणजे ‘चंद्रशाला’, आणि तो सुलभाताईंचा जीव. मुंबईत मुलांच्या नाटकाला सुधा करमरकरांच्या लिटल थिएटरने १९५९पासून वाट करून दिली होती. चंद्रशालेत भर होता मुलांनी स्वतः करण्यावर. ‘दुर्गा झाली गौरी’ हे मोठ्या संख्येने मुलं असलेलं नृत्यनाट्य वर्षानुवर्षं चाललं. जुनी मुलं मोठी झाली की नवी यायची, नाटक तेच राहायचं. गाणं, ताल, रांगेत उभं राहणं, दुसऱ्याचं वाक्य नीट ऐकणं, हे सगळं मुलं तालमीत शिकायची. चिल्ड्रन्स फिल्म सोसायटीसाठी त्यांनी ‘राजा रानी को चाहिए पसीना’ हा बालचित्रपटही दिग्दर्शित केला.

पडद्यावर

श्याम बेनेगल यांच्या ‘भूमिका’त (१९७७) त्यांनी स्मिता पाटीलच्या आईचं काम केलं. त्याच वर्षीच्या जब्बार पटेलांच्या ‘जैत रे जैत’मध्ये त्या होत्या. पुढच्या वर्षी सईद मिर्झांचा ‘अरविंद देसाई की अजीब दास्तान’ आला. मराठी प्रेक्षकाला मात्र आठवतो तो ‘चौकट राजा’ (१९९१), दिलीप प्रभावळकरांच्या नंदूला सांभाळणारी आई. त्यानंतर हिंदी सिनेमे आणि मालिका, बहुतेक वेळा आई नाहीतर आजी. भूमिका लहान असो की मोठी, त्या काम करत राहिल्या.

जानेवारी १९८७मध्ये अरविंद देशपांडे गेले. त्याच वर्षी सुलभाताईंना अभिनयासाठी संगीत नाटक अकादमी पुरस्कार मिळाला. पती गेल्यानंतरही आविष्कार बंद पडली नाही. ४ जून २०१६ रोजी मुंबईत सुलभाताईंचं निधन झालं, तेव्हा त्या ७९ वर्षांच्या होत्या.

मागे काय राहिलं?

बेणारेचं नाव नाट्यइतिहासात पक्कं आहे. सासू आणि आजीच्या भूमिका टीव्हीवर अधूनमधून दिसत राहतील. पण चंद्रशालेत शिकलेल्या मुलांची नोंद कुठल्याच श्रेयनामावलीत येत नाही. त्यातले काही नट झाले, बाकीचे नोकरी-धंद्याला लागले आणि प्रेक्षक म्हणून नाटकाकडे परत आले. प्रेक्षक असाच तयार होतो.

सीमाभागात आणि महाराष्ट्राबाहेरच्या मराठी वस्त्यांत नाट्यगृह नाही, अनुदान नाही, ही तक्रार जुनी आहे आणि खरीही आहे. पण एक शाळा, तिचा रिकामा हॉल आणि शाळा सुटल्यावर तासभर थांबायला तयार असलेल्या बाई, एवढ्या भांडवलावर मुंबईत काय उभं राहिलं ते सुलभाताईंच्या आयुष्यात दिसतं. यातल्या पहिल्या दोन गोष्टी आपल्या बहुतेक गावांत आजही आहेत.