वर्गमूळ, जज्र आणि बीबी का मकबरा

उर्दू माध्यमाच्या वर्गात वर्गमूळाला ‘जज्र-उल-मुरब्बा’ म्हणतात. जज्र म्हणजे मूळ, झाडाचे असते तेच. संस्कृतातले ‘मूल’ही तेच. पालघर-बोईसर भागात मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो. त्यामुळे एक वाद दोन्हीकडून ऐकू येतो : बीजगणित कुणाचे? एक म्हणतो, आमचे. ‘अल्जिब्रा’ हा शब्दच अरबी. दुसरा म्हणतो, सगळे इथलेच, बाकीच्यांनी फक्त नेले.

दोघांनीही भास्कराचार्यांचे भुंग्यांचे गणित सोडवून पाहावे. ते ११५० च्या ‘लीलावती’त आहे. थव्याच्या निम्म्या संख्येचे वर्गमूळ काढा, तितके भुंगे मालतीकडे गेले. शिवाय पूर्ण थव्याचे आठ-नवमांशही गेले. उरली एक जोडी : रात्री कमळात अडकलेला भुंगा आणि बाहेर गुणगुणणारी त्याची भुंगी. तर थवा केवढा?

‘बीजगणित’ ग्रंथात भास्कराचार्य युक्ती करतात. थवा म्हणजे य च्या वर्गाची दुप्पट मानतात. मग निम्म्याचे वर्गमूळ सरळ य येते आणि वर्गमूळाचे चिन्हच उरत नाही. आठ-नवमांश गेल्यावर एक-नवमांश उरतो, तो य + २ एवढा. म्हणजे २ × य × य = ९ × य + १८. य = ६, थवा ७२. पडताळा : ३६ चे वर्गमूळ ६, आठ-नवमांश ६४, उरले २.

आज आपण वर्गमूळ एका बाजूला ठेवून दोन्ही बाजूंचा वर्ग करतो. तेव्हा आणखी एक उत्तर येते, ४.५. ते मूळ समीकरणात घातले की एका बाजूला १.५ आणि दुसऱ्या बाजूला उणे १.५ येते. वर्ग करताना उणे चिन्ह पुसले जाते, म्हणून हे खोटे उत्तर आत शिरते. पडताळा त्यासाठीच.

वरच्या दोन्ही दाव्यांचाही पडताळा घेऊ. ब्रह्मगुप्ताने ६२८ मध्येच वर्गसमीकरणाची रीत दिली होती. पहिला दावा टिकत नाही. नवव्या शतकात बगदादच्या अल्-ख्वारिज्मीने भारतीय अंकांवर पुस्तक लिहिले, पण वर्गसमीकरणांना आकृत्या काढून सिद्धताही दिली. दुसराही टिकत नाही.

पुढचा धागा तर आपल्या महाराष्ट्रातलाच. चाळीसगावजवळ पाटण येथे १२०७ चा शिलालेख आहे. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी नातू चांगदेवाने मठ काढला, असे तो सांगतो. १५८७ मध्ये अकबराच्या सांगण्यावरून फैजीने ‘लीलावती’ फारसीत नेली. शाहजहानच्या काळात, १६३४-३५ मध्ये, अताउल्लाह रुश्दीने ‘बीजगणित’ फारसीत आणले. ताजमहालाचे श्रेय ज्यांना दिले जाते, त्या उस्ताद अहमद लाहौरींचा तो मुलगा. औरंगाबादच्या बीबी का मकबऱ्याच्या दरवाजावर अताउल्लाह आणि हंसपतराय ही नावे कोरलेली आहेत. हा अताउल्लाह तोच, असे इतिहासकार मानतात.

पाटणहून कन्नडचा घाट चढून गेले की पुढे औरंगाबाद. ‘आमचे’ आणि ‘त्यांचे’ म्हणणाऱ्यांनी एकदा ही वाट चालून पाहावी.